फाइलनामाचे व्याकरण : फेरफार केलेल्या पीएसपीवरील खेळसंग्रहाची एक चिकित्सा

हातात धरून खेळावयाच्या यंत्रावर खेळांच्या फाइली कशा लावाव्यात, हा प्रश्न भाषेच्या अभ्यासकाने विचारात घ्यावा इतक्या योग्यतेचा आहे काय, अशी शंका प्रथमदर्शनी येणे स्वाभाविक आहे. परंतु जेथे शेकडो वस्तूंना नावे द्यावी लागतात, ती नावे काही एका क्रमाने मांडावी लागतात आणि एकाच वस्तूची अनेक रूपे परस्परांपासून वेगळी ओळखावी लागतात, तेथे नामकरणाचे नियम, म्हणजेच एक प्रकारचे व्याकरण, आपोआप उभे राहते. असे व्याकरण खेळांचे हौशी संग्राहक गेली पंचवीस वर्षे, कोणत्याही विद्यापीठाच्या वा ग्रंथालयाच्या साहाय्यावाचून, घडवीत आले आहेत. त्याचे गुणदोष पाहण्यासाठी येथे एकच यंत्र आणि मुख्यतः एकच खेळमालिका निवडली आहे. यंत्र सोनी कंपनीचे प्लेस्टेशन पोर्टेबल, अर्थात पीएसपी. मालिका 'फायनल फँटसी'. ह्या लेखातील फाइलनामे मुळात रोमन लिपीत असून येथे ती देवनागरीत उतरविली आहेत.

पीएसपी जपानात १२ डिसेंबर २००४ रोजी आणि अमेरिकेत मार्च २००५ मध्ये विक्रीस आले. त्याचे खेळ 'यूएमडी' नावाच्या लहान चकतीवर येत. अशा चकतीत सुमारे १.८ गिगाबाइट मजकूर मावे. खेळाडूने गाठलेला टप्पा मात्र 'मेमरी स्टिक' ह्या कार्डावर राखला जाई. यंत्राच्या मूळ आज्ञावलीत स्वतंत्र कार्यकर्त्यांनी फेरफार करून रचलेली आज्ञावली, जिला 'कस्टम फर्मवेअर' म्हणतात, ती बसविली की चकतीची संपूर्ण नक्कल एका फाइलीच्या रूपाने कार्डावर ठेवून चालविता येते. शिवाय फॅमिकॉम, सुपर फॅमिकॉम, गेम बॉय अशा पूर्वीच्या यंत्रांचे अनुकरण करणारे कार्यक्रम, म्हणजे एम्युलेटर, त्यावर चालतात. स्वतःच्या मालकीच्या चकतीची नक्कल करणे आणि दुसऱ्याने केलेली नक्कल फुकट उतरवून घेणे ह्यांत नीतीचा फरक उघड आहे. कायद्याचा फरक देशोदेशी निराळा आहे. तो वाद येथे बाजूस ठेवला आहे. इतके मात्र नमूद केले पाहिजे की सोनीने २०१४ मध्ये ह्या यंत्राचा पुरवठा थांबविला. ह्यापुढे ज्यांना हे खेळ पहावयाचे आहेत त्यांच्यापैकी बहुतेकांच्या हाती चकती येणार नाही, कोणा संग्राहकाने लावलेल्या फाइली येतील. आणि त्या फाइलींच्या नावांखेरीज दुसरी सूची बहुधा त्यांच्यापाशी नसेल.

पीएसपीवर एका खेळास निदान तीन नावे असतात. पहिले फाइलीचे बाह्य नाव. ते संग्राहक देतो. दुसरे फाइलीच्या पोटात, 'पॅराम.एसएफओ' नावाच्या लहानशा उपफाइलीत नोंदलेले शीर्षक. ते निर्मात्याचे असते आणि यंत्राच्या मुख्य यादीत चित्रासह दिसते ते हेच. तिसरा निर्मात्याचा निर्देशांक, चार रोमन अक्षरे व पाच अंक मिळून झालेला. अमेरिकेत परवान्याने निघालेल्या खेळाचा निर्देशांक 'यू-एल-यू-एस' ह्या अक्षरांनी सुरू होतो, यूरोपातील 'यू-एल-ई-एस'ने. खेळ खुद्द सोनीचा असला तर दुसऱ्या जागी 'एल'ऐवजी 'सी' येते. म्हणजे पहिले अक्षर माध्यमाचे, दुसरे हक्काचे, तिसरे प्रदेशाचे. भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्याने येथे क्षणभर थांबावे. पहिल्या जागी 'यू' म्हणजे यूएमडी, तिसऱ्या जागी तेच 'यू' म्हणजे अमेरिका. अर्थ अक्षरात नसून जागेत आहे. ही नुसती क्रमांकाची चिठ्ठी नव्हे, स्थाननिष्ठ पदरचना आहे.

ह्या तीन नावांचे अधिकार निरनिराळे आहेत, आणि संग्राहकांचे बरेचसे दुःख ते एकच समजण्यातून उद्भवते. खेळाडूची प्रगती 'सेव्हडेटा' फोल्डरात बहुधा निर्देशांकाच्या नावे साठते. त्यामुळे बाह्य नाव कितीही बदलले तरी चाळीस तासांचा खेळ हरवत नाही. परंतु अमेरिकी प्रतीच्या जागी यूरोपीय प्रत ठेवली तर, पडद्यावरील शीर्षक अक्षरशः तेच असूनही, राखलेला टप्पा तिला सापडत नाही. पडद्यास जे एक वाटते ते कार्डाच्या लेखी दोन असते.

ह्याहून चमत्कारिक प्रकार 'इबूट'चा आहे. चकतीच्या नकला कार्डाच्या मुळाशी असलेल्या 'आयएसओ' फोल्डरात जातात व त्यांना हवे ते नाव देता येते. हौशी मंडळींनी रचलेले स्वतंत्र कार्यक्रम आणि पहिल्या प्लेस्टेशनचे रूपांतरित खेळ मात्र 'पीएसपी' फोल्डरातील 'गेम' फोल्डरात जातात. तेथे प्रत्येक खेळास स्वतंत्र फोल्डर लागतो, आणि त्या प्रत्येकातील मुख्य फाइलीचे नाव 'इबूट.पीबीपी' हेच असावे लागते. शंभर खेळ असले तर शंभर फाइली एकाच नावाच्या. हे विशेषनाम नव्हेच. हे नात्याचे नाव आहे. प्रत्येक घरात एक 'दादा' असतो व तो कोणाचा दादा हे घरावरून कळते, तद्वत येथे फाइलीची ओळख फोल्डरावरून पटते. नवखा संग्राहक सोय म्हणून 'इबूट' खोडून तेथे खेळाचे नाव घालतो, तेव्हा तो खेळ यादीतून नाहीसा होतो. त्याने नात्याच्या जागी विशेषनाम घातलेले असते आणि यंत्र नाते शोधीत असते.

आता क्रमाकडे वळावयाचे. यंत्राच्या मुख्य यादीस वर्णानुक्रम ठाऊक नाही. उलट, त्याच यंत्रावर चालणारे एम्युलेटर फाइलींची बाह्य नावे दाखवितात व ती बहुधा वर्णानुक्रमे लावतात. म्हणून एकाच कार्डावर दोन प्रकारची कपाटे असतात: एकात वस्तू आपले मूळचे नाव सांगते, दुसऱ्यात संग्राहकाने चिकटविलेले. दुसऱ्या कपाटात 'फायनल फँटसी' ही मालिका लावून पाहावी. तिचे भाग रोमन आकड्यांनी मोजले जातात, आणि रोमन आकडे म्हणजे अखेर अक्षरेच असल्याने यंत्र त्यांस अक्षरे म्हणूनच वाचते. नववा भाग 'आय' व 'एक्स' ह्या अक्षरांनी लिहिला जातो, पाचवा 'व्ही'ने. 'आय' हे अक्षर 'व्ही'च्या आधीचे. परिणामी क्रम लागतो तो पहिला, दुसरा, तिसरा, चौथा, नववा, पाचवा, सहावा, सातवा, आठवा असा. ह्यावर संग्राहक तोडगा काढतात तो आरंभी दोन अंकी संख्या घालण्याचा: '०४', '०५', '०९'. तोडगा निर्दोष आहे. पण तो योजताच संग्राहकाने यंत्राच्या क्रमावरील विश्वास सोडून आपला क्रम लादला, हे त्याने ओळखले पाहिजे. क्रम कधीच निसर्गसिद्ध नसतो. मराठी कोशात 'ळ' हा 'ह'च्या नंतर येतो आणि संगणकाच्या देवनागरी संकेतावलीत 'ल'च्या लगेच नंतर. तेथेही कोणीतरी ठरविलेले आहेच.

ज्या खेळाच्या नावात मालिकेचे नाव मागे पडले आहे तो तर पूर्णपणे दुरावतो. २००७ मधील 'क्रायसिस कोअर : फायनल फँटसी ७' हा 'सी'खाली जातो, २००८ मध्ये जपानात निघालेला 'डिसिडिया' हा 'डी'खाली.

परंतु ह्या साऱ्या किरकोळ अडचणी झाल्या. खरा पेच दुसऱ्या भागाशी आहे. जपानात 'फायनल फँटसी २' हा खेळ फॅमिकॉम यंत्रासाठी १९८८ मध्ये आला, तिसरा भाग १९९० मध्ये. अमेरिकेत हे दोन्ही त्या वेळी प्रसिद्ध झाले नाहीत. म्हणून १९९१ मध्ये सुपर फॅमिकॉमसाठी जपानात निघालेला चौथा भाग अमेरिकेत त्याच वर्षी 'फायनल फँटसी २' ह्या नावाने आला, आणि १९९४ चा सहावा भाग 'फायनल फँटसी ३' ह्या नावाने. पुढे, २००७ मध्ये, खऱ्या दुसऱ्या भागाची नवी आवृत्ती पीएसपीसाठी निघाली. अमेरिकेतही ती 'फायनल फँटसी २' ह्याच नावाने आली. आता मान्य नियमांनुसार फाइलनामे घडवावीत. सुपर फॅमिकॉमच्या अमेरिकी भावंडावरील प्रतीचे नाव होते 'फायनल फँटसी २ (यूएसए)'. पीएसपीवरील प्रतीचे नाव होते 'फायनल फँटसी २ (यूएसए)'. दोन भिन्न कृती, दोहोंचे नाव अक्षर न बदलता एक. भेद राहिला तो केवळ शेवटच्या विस्तारचिन्हाचा, जे अनेक याद्या दाखवीतच नाहीत. आणि ह्यांपैकी पहिली कृती ज्या कृतीशी वस्तुतः एक आहे, ती त्याच कार्डावर 'फायनल फँटसी ४ : द कंप्लीट कलेक्शन' ह्या २०११ च्या संग्रहात, निराळ्या आकड्याखाली, निराळ्या फोल्डरात बसलेली असते. समनाम व समानार्थक, हे शब्दार्थशास्त्रातील दोन्ही दोष एकाच कार्डावर एकाच मालिकेत असे शुद्ध रूपाने क्वचितच सापडतील.

ह्या गोंधळावर संग्राहकांनी आजवर जे उपाय योजले त्यांत दोन संप्रदाय प्रमुख आहेत. त्यांची तुलना केल्यावाचून ह्या विषयाचे मर्म कळणार नाही.

जुना संप्रदाय 'गुडटूल्स' ह्या साधनसमूहाचा. प्रत्येक यंत्रासाठी एक याप्रमाणे रचलेले हे छोटे कार्यक्रम फाइलीचा मजकूर तपासून तिला ठरीव नाव देत. नावापुढे गोल कंसात प्रदेश व चौकोनी कंसात प्रतीची अवस्था. चौकोनी कंसात उद्गारचिन्ह असेल तर प्रत शहानिशा झालेली; 'बी' असेल तर सदोष; 'ओ' असेल तर मूळाहून लांब, म्हणजे अखेरीस निरर्थक भर पडलेली; 'एच' म्हणजे कोणी हात घातलेली; 'ए' म्हणजे पर्यायी पाठ; 'टी' व त्यापुढे अधिकचिन्ह असेल तर अलीकडील भाषांतर, उणेचिन्ह असेल तर मागे पडलेले भाषांतर. ही चिन्हे नावाचा भाग असून नसल्यासारखी आहेत. संस्कृत व्याकरणाच्या अभ्यासकास येथे पाणिनीच्या अनुबंधांची आठवण झाल्यावाचून राहणार नाही. 'क्त्वा' ह्या प्रत्ययातील 'क्' उच्चारात उतरत नाही. तो व्याकरण करणाऱ्यास काही सूचना देऊन लोप पावतो. गुडटूल्सचे चौकोनी कंस त्याच जातीचे. खेळाचे नाव विचारले असता कोणी 'उद्गारचिन्ह' म्हणत नाही.

साम्य येथवरच. पाणिनीचा अनुबंध आपले काम करून निघून जातो; गुडटूल्सचा अनुबंध पडद्यावर ठाण मांडून बसतो. पीएसपीचा पडदा ४८० बाय २७२ बिंदूंचा. त्यावर लांब नावाची उजवी बाजू छाटली जाते, आणि भेद दाखविणारी सर्व चिन्हे नेमकी उजव्या टोकास असतात. एकाच खेळाच्या आठ प्रती असल्या तर आठ ओळी हुबेहूब सारख्या दिसतात. ज्या भाषांत प्रत्यय शब्दान्ती येतात त्यांच्या भाषकांस शब्दाचा शेवट ऐकण्याची सवय असते. लहान पडद्यास ती नाही. शिवाय ह्या संप्रदायाची चिन्हे एका तत्त्वावर उभारलेली नाहीत. गोल कंसातील 'जे' म्हणजे जपान, 'यू' म्हणजे अमेरिका, येथवर अक्षर व अर्थ ह्यांचा संबंध दिसतो. पण '१' म्हणजे जपान व कोरिया आणि '४' म्हणजे अमेरिका व ब्राझील, हे ज्याने कोष्टक पाठ केले त्यालाच कळावे. अर्थवाही चिन्हांच्या रांगेत अशी यादृच्छिक चिन्हे मिसळणे हा सौंदर्याचा नव्हे, वाचनीयतेचा दोष आहे.

दुसरा संप्रदाय 'नो-इंट्रो' ह्याचा. नावातच त्याची प्रतिज्ञा आहे. खेळांच्या नकला फैलावणारी काही मंडळे प्रतीच्या आरंभी आपली जाहिरातवजा प्रस्तावना जोडीत. ती नसलेली, मूळाबरहुकूम प्रत तेवढी नोंदवावी, हा ह्या मंडळींचा दंडक. चकतीवरील खेळांसाठी असेच काम 'रीडंप' करते, आणि पीएसपीच्या यूएमडींची नोंद तेथे होते. येथे एका प्रतीस एक नाव. प्रदेशाचे नाव पूर्ण लिहावयाचे, भाषांसाठी दोन अक्षरी संकेत, आवृत्ती बदलली असल्यास तसा उल्लेख. सदोष प्रतींची खिल्लारे नाहीत. परंतु ह्यांचे खरे योगदान नावात नसून नावाच्या मागे आहे. प्रत्येक प्रतीच्या सर्व मजकुरावरून गणिताने काढलेला ठसा सूचीत नोंदलेला असतो. एक अक्षर जरी बदलले तरी ठसा बदलतो. फाइलीचे नाव कोणी काहीही ठेवले असो, ठसा जुळला की प्रत ओळखली जाते. ओळख पटविण्याचे ओझे नावावरून उतरवून ठशावर घातल्यामुळे नाव मोकळे झाले आणि वाचकासाठी उरले.

नो-इंट्रोचा एक नियम भाषिकदृष्ट्या विशेष उद्‌बोधक आहे. इंग्रजी शीर्षकाच्या आरंभी येणारे उपपद ते उचलून मागे नेतात: 'लेजंड ऑफ झेल्डा, द - अ लिंक टू द पास्ट'. ग्रंथालयांची ही जुनीच रीत. पण नीट पाहिले असता मुख्य शीर्षकाचे 'द' मागे गेले आणि उपशीर्षकाचे 'अ' जागीच राहिले. नियम व्याकरणाचा नसून क्रमाचा आहे, हे ह्यावरून सिद्ध होते. उपपद जेथे क्रमास अडथळा करते तेथूनच ते हलविले, अन्यत्र त्यास हात लावला नाही. आणि मूळ शीर्षकात उपशीर्षकापूर्वी जेथे विसर्गासारखी दोन टिंबे असतात तेथे आडवी रेघ आली, कारण फाइलनामात ती दोन टिंबे वर्ज्य आहेत. शियाळी रामामृत रंगनाथन ह्यांनी १९३३ मध्ये ज्या चिन्हाच्या नावावर आपली 'कोलन' वर्गीकरणपद्धती उभी केली, तेच चिन्ह संग्राहकांच्या ह्या नव्या सूचीत निषिद्ध ठरावे हा योगायोग मौजेचा आहे.

तिसरा एक संप्रदाय 'टोसेक' ह्या नावाचा. त्याची चर्चा येथे लांबवीत नाही. एवढेच सांगावयाचे की त्यात वर्ष व प्रकाशक ही दोन स्थाने अनिवार्य आहेत, आणि माहिती नसेल तर वर्षाच्या अज्ञात अंकांच्या जागी फुल्या व प्रकाशकाच्या जागी आडवी रेघ घालतात. अभावाचीही जागा राखणे हे शून्यप्रत्यय मानणाऱ्या वैयाकरणांस पटण्यासारखे आहे.

वरील विवेचनावरून नो-इंट्रोची पद्धत सर्वथा श्रेष्ठ असा निष्कर्ष काढण्याचा मोह होईल, आणि अनुभवी संग्राहकांचा कल त्या बाजूस आहेही. तथापि तिने जे गमावले त्याचा हिशेब झाला पाहिजे. मूळाबरहुकूम प्रतच नोंदवावयाची असे ठरल्यावर भाषांतरांस तिच्या मुख्य सूचीत जागा उरत नाही. 'फायनल फँटसी ५' हा १९९२ चा खेळ इंग्रजी वाचणाऱ्यांस प्रथम समग्र रूपात मिळाला तो 'आरपीजीई' ह्या हौशी मंडळीच्या १९९८ मधील भाषांतरामुळे. अधिकृत इंग्रजी रूप १९९९ मध्ये आले. गेम बॉय ॲडव्हान्सवरील 'मदर ३' जपानात २००६ मध्ये निघाला, त्याचे हौशी इंग्रजी भाषांतर २००८ मध्ये झाले. खुद्द पीएसपीवरील 'फायनल फँटसी टाइप-झीरो' २०११ मध्ये केवळ जपानात आला व त्याचे हौशी भाषांतर २०१४ मध्ये. ह्या खेळांची जपानबाहेरील वाचना बव्हंशी ह्या भाषांतरांतूनच झाली. गुडटूल्सच्या ओबडधोबड चौकोनी कंसात 'टी' व अधिकचिन्हापुढे भाषेचे नाव, आवृत्तीचा अंक आणि भाषांतर करणाऱ्या मंडळीचे नाव येई. म्हणजे जी पद्धत प्रतींबाबत अव्यवस्थित होती ती भाषांतरकारांबाबत प्रामाणिक होती. आणि जी व्यवस्थित आहे तिच्या सूचीत भाषांतरकार नाहीच. परिणाम असा होतो की संग्राहक नो-इंट्रोच्या सूचीवरून आपले कार्ड 'शुद्ध' करतो, तेव्हा ठसा न जुळणारी फाइल म्हणून भाषांतरित प्रत बाजूस पडते, किंवा तिचे नाव बदलून ती मूळ प्रतीच्या नावाखाली निनावी होऊन बसते.

पाठचिकित्सेच्या अभ्यासकांस ह्या प्रश्नाचे उत्तर परिचित आहे. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली, आणि तिचे पर्वांचे काम १९६६ मध्ये पूर्ण झाले. तीत संपादकांनी जे श्लोक मूळ पाठातून वगळले ते नष्ट केले नाहीत. लहान भाग तळटीपांत ताराचिन्हाने राखले, मोठे परिशिष्टांत दिले. पाठ निश्चित करणे व परंपरा जतन करणे ही दोन कर्तव्ये एकाच पृष्ठावर, परंतु निरनिराळ्या जागी, पार पाडली गेली. नो-इंट्रोने पहिले कर्तव्य पार पाडले. तळटीप मात्र लिहिली नाही.

कोणी म्हणेल की भाषांतरित प्रत निराळ्या फोल्डरात ठेवली म्हणजे झाले. तसे होत नाही, आणि ते का होत नाही हे पाहण्यासाठी भाषांतर कसे प्रसृत होते हे समजून घेतले पाहिजे. हौशी मंडळी संपूर्ण खेळ वाटीत नाहीत. मूळाशी असलेला फरक तेवढा एका छोट्या फाइलीत, म्हणजे 'पॅच'मध्ये, देतात. ती मूळ प्रतीवर चढवावी लागते. जुन्या पद्धतीचा पॅच म्हणतो, मूळाच्या अमुक क्रमांकाच्या स्थानी हा मजकूर घाला. आता सुपर फॅमिकॉमच्या पुष्कळ जुन्या नकला ज्या उपकरणांनी केल्या ती प्रतीच्या आरंभी ५१२ बाइटांची आपली नोंद जोडीत असत. पुढे नो-इंट्रोच्या प्रतींत ती गाळली गेली. शीर्षनोंद धरून बनविलेला पॅच शीर्षनोंद नसलेल्या प्रतीवर चढविला की प्रत्येक दुरुस्ती ५१२ घरे चुकते आणि खेळ मोडतो. दोन्ही प्रतींचे नाव तेच, खेळ तोच, चित्र तेच. पोथीच्या आरंभीचे एक पान गळावे आणि दुसऱ्या कोणी पानांच्या अंकांवरून दिलेली सर्व शुद्धिपत्रे व्यर्थ जावीत, तसा हा प्रकार. म्हणून भाषांतराबरोबर ते कोणत्या प्रतीसाठी आहे हे, म्हणजे त्या प्रतीचा ठसा, राखणे अवश्य आहे. आणि ती माहिती फाइलनामात कितीही कंस उघडले तरी मावणार नाही.

फोल्डरांविषयी थोडे. मुख्य यादी फार लांबू लागल्यावर 'गेम कॅटेगरीज' नावाचे पूरक साधन आले. त्यायोगे 'आयएसओ' व 'गेम' ह्या फोल्डरांत केलेले पोटफोल्डर यादीत वर्ग म्हणून दिसू लागले. वर्गाच्या फोल्डराआधी 'कॅट' ही तीन अक्षरे व खालची रेघ घालावयाची. पडद्यावर ती दिसत नाहीत. हा अनुबंध मात्र खरोखरच पाणिनीय, काम करून लोपणारा. पण साधन चांगले असून त्याचा वापर बहुशः ठोकळेबाज होतो. संग्राहक 'ॲक्शन', 'आरपीजी', 'कोडी', 'शर्यती' असे वर्ग पाडतात. 'क्रायसिस कोअर' ह्यांपैकी कोठे जावा? त्यात झुंज तत्क्षणी चालते, आणि पात्राची वाढ भूमिकाखेळासारखी होते. 'टॅक्टिक्स : द वॉर ऑफ द लायन्स' कोठे जावा? प्रकार ही खेळाची जात नव्हे, खेळाविषयी केलेले विधान आहे. विधाने एकाच वस्तूविषयी अनेक करता येतात, फोल्डरात मात्र वस्तू एकदाच ठेवता येते. त्यापेक्षा 'चालू', 'संपलेले', 'नंतर' असे वर्ग करणारा साधा खेळाडू अधिक शहाणा म्हणावा लागेल. त्याचे वर्ग वस्तूविषयी काही सांगण्याचा आव आणीत नाहीत. ते त्याच्याविषयी सांगतात, आणि यंत्र हातातले असल्याने ते योग्यच आहे. फक्त तो संग्रह उद्या दुसऱ्याच्या हाती गेला तर 'नंतर' ह्या शब्दाचा कर्ता हरवलेला असेल.

तेव्हा वर्गाचा पाया प्रकार नव्हे, प्रदेश नव्हे, यंत्रही नव्हे. तो कृती असावा, असे ह्या चिकित्सेवरून म्हणावेसे वाटते. 'फायनल फँटसी ०४' असा एक वर्ग करावा. त्यात पीएसपीवरील संग्रह ठेवावा, आणि १९९१ ची अमेरिकी प्रत, तिच्यावर छापलेला दोनचा आकडा तसाच राखून, त्याच नावाच्या फोल्डरात एम्युलेटरच्या कपाटात ठेवावी. आकडा निर्मात्याचा, वर्ग संग्राहकाचा, ठसा प्रतीचा. ह्यांपैकी एकाने दुसऱ्याचे काम करू नये. भाषांतर असल्यास पॅच त्याच फोल्डरात मंडळीच्या नावासह वेगळा असावा आणि चढविलेली प्रत तिच्याशेजारी.

ही योजनाही सर्वत्र लागू पडत नाही. 'टाइप-झीरो' ही एकच कृती दोन चकत्यांवर, म्हणजे दोन फाइलींत आहे; त्या एका फोल्डरात नांदू शकतात. पहिल्या प्लेस्टेशनवरील १९९७ चा सातवा भाग तीन चकत्यांचा, पण २००९ मध्ये तो पीएसपीसाठी उतरवून घेण्यास मिळू लागला तेव्हा तिन्ही चकत्या एका 'इबूट'मध्ये आल्या. तेथेही अडचण नाही. अडचण आहे ती २०११ च्या 'कंप्लीट कलेक्शन'ची. त्या एका फाइलीत चौथा भाग आहे, 'इंटरल्यूड' हा त्या वेळी नव्याने लिहिलेला दुवा आहे, आणि 'द आफ्टर इअर्स' ही २००८ मध्ये जपानात मोबाइल फोनसाठी प्रथम निघालेली उत्तरकथा आहे. निर्देशांक एक, शीर्षक एक, ठसा एक, कृती तीन. 'द आफ्टर इअर्स' शोधणाऱ्यास तिचे नाव ह्या कार्डावर कोठेही, कोणत्याही क्रमात, सापडणार नाही. तिच्यासाठी कार्डाच्या मुळाशी साध्या मजकुराची एक फाइल ठेवून तीत ओळ लिहावी लागते, आणि ती फाइल यंत्राच्या खेळांच्या यादीत येत नसल्याने ती तेथे आहे हेही आणखी कोठेतरी लिहून ठेवावे लागते.